आईचं नाव लिहायचं, पण कोणतं?

१ मे २०२४ पासून महाराष्ट्रात जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांवर आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव, असा क्रम ठरला. निर्णय चांगलाच आहे. पण मला प्रश्न पडतो, आईचं नाव म्हणजे नेमकं कोणतं?

आपल्याकडे अनेक घरांत लग्नात मुलीचं आडनावच काय, पाळण्यातलं नावही बदलायचे. ताटातल्या तांदळावर नवरा अंगठीने नवं नाव लिहायचा. आनंदीबाई जोशी माहेरच्या यमुना. रमाबाई रानडेही माहेरच्या यमुनाच. १८८६ मध्ये अमेरिकेत डॉक्टरकीची पदवी मिळाली ती आनंदीबाईंना, आणि पुण्यात सेवासदन उभं केलं ते रमाबाईंनी. मग यातली खरी बाई कोण?

माझ्या आईचं नावही असंच बदललं. मी मात्र लग्नानंतर नाव बदललं नाही, याचं तिला कौतुक आहे. एकदा मी तिला विचारलं, "तुझं माहेरचं नाव परत लावायचं का गं?" ती म्हणाली, "त्या नावाने मला आता फक्त तुझा मामा ओळखतो. नोकरी केली, कर्ज फेडलं, तुझ्या प्रगतिपुस्तकावर सह्या केल्या, त्या या नावाने. दिलं असेल दुसऱ्या कुणी, पण वापरलं मीच ना?"

यावरून प्रथा बरी होती असं ठरत नाही. नाव बदलताना तिला कोणी विचारलं नव्हतं, आणि अन्याय तिथेच आहे. पण त्या अन्यायापुढे ती चाळीस वर्षं जगली, ते जगणं खोटं नाही. तिची खरी ओळख माहेरच्याच नावात आहे असं मी परस्पर ठरवलं, तर मीही तिला न विचारताच तिचं नाव लिहीन. फक्त ताटाऐवजी फॉर्मवर.

माझ्या पिढीला नाव राखता आलं, कारण आम्हाला 'नाही' म्हणता आलं. आईला तेव्हा ते म्हणता आलं नाही. म्हणून तिच्या आजच्या 'हो'ची किंमत कमी होत नाही.

माझ्या मुलीच्या नावात आता माझं नाव आहे. मोठी झाल्यावर ती ते काढूनही टाकेल. मला वाईट वाटेल, आणि मी तसं तिला सांगेनही. पण तिचं नाव तिनेच ठरवावं.