धुळीचं मनन

हे सावकाश वाचा. मध्ये थांबायला सांगितलं की खरंच थांबा.

आधी दोन छायाचित्रं डोळ्यांसमोर आणा. जागा ऑक्सफर्ड, पण आपल्या जगातलं नव्हे. जॉर्डन कॉलेजच्या एका दालनात लॉर्ड अ‍ॅझ्रिएल जमलेल्या विद्वानांना उत्तरेकडच्या बर्फात टिपलेली चित्रं दाखवतो आहे. पहिल्यात एक माणूस हात उंचावून उभा आहे आणि शेजारी एक लहान मूल. दुसरं चित्र त्याच जागेवरून, पण खास तयार केलेलं रसायन वापरून घेतलेलं. त्यात आकाशातून प्रकाशाचे कण झरताहेत आणि त्या माणसावर उतरताहेत. मुलाकडे मात्र ते वळतच नाहीत.

फिलिप पुलमन यांच्या ‘हिज डार्क मटेरियल्स’ या कादंबरीत्रयीत (१९९५ ते २०००) या कणांना धूळ म्हणतात. रुसाकोव्ह नावाच्या शास्त्रज्ञाला ती सापडली. मोठ्या माणसांकडे ती ओढली जाते, मुलांकडे फारशी नाही. तिथलं धर्मपीठ तिला पापाची खूण मानतं आणि तिच्या भीतीपोटी मुलांवर अमानुष प्रयोग करवतं.

आता श्वासाकडे लक्ष द्या. तो बदलायचा नाही. स्वतःला एवढंच विचारा: मी लहान होतो किंवा होते, तेव्हा माझ्याभोवती काय नव्हतं, जे आज आहे? उत्तर लगेच येणार नाही. प्रश्न तसाच राहू द्या.

दुसऱ्या खंडात आपल्याच जगातली एक संशोधक, मेरी मॅलोन, कृष्णद्रव्याचा शोध घेता घेता याच कणांपाशी येते. हस्तिदंताच्या साध्या तुकड्याजवळ तिच्या यंत्राला काही सापडत नाही. हस्तिदंतातून कोरलेल्या बुद्धिबळाच्या मोहऱ्याभोवती मात्र कणांची दाटी असते. वस्तू एकाच जातीची. फरक एवढाच, की दुसरीवरून कुणाचा तरी हात फिरला, कुणीतरी तिच्याकडे मन लावून पाहिलं. जुन्या कवट्या तपासल्या, तर सुमारे ३० ते ४० हजार वर्षांपूर्वीपर्यंत हे कण दिसतात. त्यापलीकडे नाहीत.

मला संपूर्ण त्रयीत हा मोहरा सगळ्यांत मोलाचा वाटतो. युद्धं, देवदूत, जगांमधले पूल हे सगळं त्याच्यानंतर.

तर मग एका हातात नदीतला गोटा आहे अशी कल्पना करा. दुसऱ्या हातात घरातला जुना वरवंटा. दोन्ही दगडच, दोन्ही गार. गोट्याचा गुळगुळीतपणा पाण्याने दिला. वरवंट्याचा आधी पाथरवटाने घडवला आणि मग मिरच्या, खोबरं, लसूण वाटणाऱ्या हातांनी. त्या हातांपैकी एक तरी तुमच्या ओळखीचा असेल. त्याची बोटं आठवा. मसाला हवा तसा बारीक झाला की नाही, हे दोन बोटांत चोळून बघणारी ती बोटं. तिथे थांबा. हवा तितका वेळ.

पुलमन पुढे जे सांगतात त्यावर मी पुन्हा पुन्हा परत येते. धूळ वरून येते आणि जाणत्या माणसांभोवती, त्यांनी हाताळलेल्या वस्तूंभोवती जमते, इथवर आपण आलो. पण ती वाढतेही जाणत्या जीवांमुळेच. विचार करणारा, मायेने काही करणारा, काही शिकून ते दुसऱ्याला सांगणारा प्रत्येक जीव तिच्यात भर घालतो. तिसऱ्या खंडातल्या मुलेफा नावाच्या जीवांच्या जगात तर उंच झाडांची फुलं धूळ वरून पडली तरच फळतात. तिथे मेरी झाडाच्या चिकापासून पारदर्शक पत्रे बनवते, त्यांना तेल लागतं आणि त्यातून पाहिल्यावर तिला दिसतं की धूळ खाली पडायची थांबली आहे. ती आडवी वाहून चालली आहे, कारण ‘सूक्ष्म सुरी’ नावाच्या हत्याराने जगाजगांत कापलेल्या खिडक्यांतून ती गळते आहे.

म्हणून खिडक्या बंद कराव्या लागतात. लायरा आणि विल या कथेच्या केंद्रस्थानी असलेल्या, वेगवेगळ्या जगांतल्या दोघांना आपापल्या जगात परतावं लागतं, एकमेकांशिवाय. ही किंमत वाचताना मला दर वेळी जड जाते. ती कमी व्हावी असं मात्र वाटत नाही.

तुमचं लक्ष आज कुठून गळतं आहे? दोष शोधू नका, नुसती खिडकी शोधा. एकच.

आणि लायराचं आणखी एक नुकसान. सत्य सांगणारं यंत्र, अलेथिओमीटर, ती लहानपणी सहज वाचायची, कुणी न शिकवता. मोठी झाल्यावर ती शक्ती जाते. देवदूत तिला सांगते: तेव्हा ती कृपेने मिळाली होती, आता अभ्यासाने मिळेल. त्याला जन्म लागेल, पण ते वाचन अधिक खोल असेल. लायरा शाळेत जायला तयार होते.

तुम्हालाही कधीकाळी काहीतरी असंच सहज येत होतं. गाणं, चित्र, गणित, अनोळखी माणसाशी बोलणं. गेलं म्हणून तुम्ही ते सोडून दिलंत. त्याचं नाव मनात घ्या आणि उठल्यावर त्याच्या पहिल्या धड्यापासून सुरुवात करा.