एक दुर्बीण की तीस?

नारायणगावाहून खोडदकडे वळले की शेतांच्या पलीकडे जाळीच्या प्रचंड डिश दिसू लागतात. प्रत्येकीचा व्यास 45 मीटर. खगोलशास्त्रज्ञ गोविंद स्वरूप यांच्या पुढाकाराने उभ्या राहिलेल्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीत अशा 30 डिश आहेत. त्यांतल्या 14 खोडदला, साधारण एक किलोमीटरच्या आवारात आहेत. उरलेल्या 16 इंग्रजी वाय अक्षरासारख्या तीन हातांवर, आसपासच्या गावांच्या शिवारात पसरल्या आहेत. टोकाच्या डिशमधले अंतर 25 किलोमीटरच्या घरात जाते. तरी सगळे तिला एकच दुर्बीण मानतात. अशी एक वस्तू खरोखर आहे का?

हा वाद आपल्याकडे फार जुना. मिलिंदपञ्ह या पाली बौद्ध ग्रंथात भिक्षू नागसेन मिलिंद राजाला रथाबद्दल विचारतो. चाक म्हणजे रथ का? आस म्हणजे रथ का? राजा प्रत्येक वेळी नाही म्हणतो. मग रथ हे भागांच्या जुळणीला दिलेले केवळ नाव ठरते. न्यायदर्शनाच्या अभ्यासकांना, म्हणजे नैयायिकांना, हे मान्य नाही. त्यांच्या मते अवयवी, म्हणजे अख्खी वस्तू, अवयवांहून वेगळी आणि खरी असते. एक भाग धरून ओढला तरी सगळी वस्तू ओढली जाते, हा न्यायसूत्रांतला एक पुरावा.

खोडदच्या डिश अशा ओढता येत नाहीत, पण पुरावा तिथेही आहे. 1400 मेगाहर्ट्झच्या आसपास एकट्या डिशचे दृष्टिक्षेत्र सुमारे 24 कला, म्हणजे चंद्राच्या तबकडीहून थोडे लहान. तेवढ्यात काय कुठे आहे, हे ती एकटी सांगू शकत नाही. तिसांचे संकेत प्रकाशतंतूंतून मध्यवर्ती इमारतीत येतात, तिथे प्रत्येक जोडीचा गुणाकार होतो, अशा 435 जोड्या होतात आणि सुमारे 2 विकलांपर्यंतचा (विकला म्हणजे कलेचा साठावा भाग) बारकावा हाती लागतो. जे कुठल्याच भागात नाही ते सगळ्यांच्या संबंधांतून निपजते. इथपर्यंत नैयायिकांचीच बाजू भक्कम वाटते.

अडचण सॉफ्टवेअर लिहिताना येते. जीएमआरटीच्या नव्या नियंत्रण-प्रणालीसाठी टँगो ही ऑब्जेक्ट-ओरिएंटेड चौकट वापरली गेली. तिचा जन्म फ्रान्समधल्या ग्रनोबलच्या ईएसआरएफ संस्थेतला. डिशचा क्लास, म्हणजे साचा, एकदाच लिहायचा, त्यावरून तीस ऑब्जेक्ट घडवायचे. प्रत्येकाला आपली अवस्था असते: ऑन, ऑफ, मूव्हिंग, अलार्म, फॉल्ट. नव्याने शिकणाऱ्याला एवढे पटकन कळते. खरी कसोटी पुढे आहे. खालच्या घटकांवरून वरच्या घटकाची, म्हणजे अख्ख्या दुर्बिणीची अवस्था ठरवणारा नियम त्याला लिहावा लागतो. दोन डिश फॉल्टमध्ये आहेत. मग दुर्बीणही फॉल्टमध्ये का? 28 डिशच्या 378 जोड्या उरतात, निरीक्षण चालू राहते. ती अजून तीच दुर्बीण आहे का? न्याय-वैशेषिकांचे उत्तर कडक आहे: अवयव निघाला की जुना अवयवी नष्ट होतो, नवा उत्पन्न होतो. असा नियम कोडमध्ये उतरवला तर एकेका बिघाडागणिक दुर्बीण नव्याने जन्माला घालावी लागेल. कोणताही शहाणा अभियंता तसे लिहीत नाही. तो दुर्बिणीची ओळख तिच्या भागांवर ठेवत नाही. ती बाहेरच्यांना कोणत्या आज्ञा स्वीकारण्याचे वचन देते, त्यावर ठेवतो. हे उत्तर नागसेनाचे नाही, नैयायिकांचेही नाही. या वादात ते खरी भर घालते, असे म्हणायला हरकत नाही.

जीएमआरटी चालवणाऱ्या पुण्याच्या एनसीआरए या संस्थेच्या पुढाकाराने एसकेए या आंतरराष्ट्रीय दुर्बिणीच्या नियंत्रणाचे सॉफ्टवेअर आकाराला आले, तेही टँगोवर. तिथे डिशचे गट पाडता येतात आणि प्रत्येक गट, म्हणजे सबअ‍ॅरे, हा स्वतंत्र घटक असतो. त्याला डिश नेमून देता येतात, काढूनही घेता येतात. सगळ्या काढून घेतल्या तरी तो घटक नाहीसा होत नाही. त्याच्यासाठी ‘एम्प्टी’ नावाची अवस्था ठरवलेली आहे: एकही अवयव नाही, तरी अवयवी आहे आणि पुढच्या आज्ञेला उत्तर द्यायला तयार आहे.