आपले टाकलेले कोण उचलतो?

नवदीक्षित कुटुंबांत आता कुठे चार पैसे येऊ लागले, मुलांच्या अंगावर नवे कपडे आले. आणि एवढ्यात कोणी आपल्याला साधेपणाचे धडे देऊ लागला, तर राग येतो. हा राग रास्त आहे. ज्यांनी पिढ्यान्‌पिढ्या दुसऱ्यांचे उतरलेले कपडे नेसले, त्यांना ‘कमी वापरा’ म्हणणे हा उपहास आहे. भगवान बुद्धांनी दारिद्र्याचे गोडवे गायिले नाहीत, हे परमपूज्य बाबासाहेबांनी स्पष्ट केले आहे. सिगालोवाद सुत्तात तर मिळकतीचा एक भाग उपभोगावा, दोन भाग व्यवसायात घालावेत, चौथा अडीअडचणीला राखावा, असा चोख हिशेब आहे.

मग प्रश्न कोठे उरतो? वस्तू आपल्या हातून सुटल्यावर.

1927 साली महाडला बाबासाहेबांनी मृत जनावरांचे मांस व उष्टे-शिळे टाकण्यास सांगितले. पुढे गावोगाव आपल्या वडीलधाऱ्यांनी मेलेली ढोरे ओढण्याचे नाकारले, बहिष्कार सोसले. दुसऱ्याची घाण वाहणार नाही, असे ते म्हणाले. आज आपली घाण कोण वाहतो? पुण्यात 1993 साली कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत ही कचरावेचकांची संघटना उभी राहिली. तिच्यात बहुसंख्य स्त्रिया, आणि त्याही बहुतेक दलितच! आपण उष्ट्या भातासोबत फुटकी काच, ब्लेड, बाळाचे लंगोट एकाच पिशवीत बांधून टाकतो. ती गाठ त्या बाईला हातांनी सोडावी लागते. गटार तुंबते तेव्हा आत उतरणारा माणूसही बहुधा आपल्यातलाच. मैला वाहून नेण्याच्या प्रथेविरुद्ध 1993 व 2013 साली कायदे झाले, तरी गटारांतले मृत्यू थांबलेले नाहीत.

यावर सुशिक्षित मंडळी एक मुद्दा काढतात. शस्त्रे, प्राणी, मांस, मद्य व विष यांचा व्यापार उपासकाने करू नये, हे सांगणे विकणाऱ्याला आहे. आम्ही तर नुसते घेतो आणि टाकतो. शिवाय धम्मात चेतना म्हणजेच कर्म. आमचा इजा करण्याचा हेतू कोठे आहे? युक्तिवाद हुशारीचा आहे. (माझे विद्यार्थी याहून कच्चे देतात.) पण त्या बाईचा हात कापतो हे माहीत झाल्यानंतरही जो काच तशीच टाकतो, त्याची चेतना निर्दोष कशी म्हणावी? माहीत नसेपर्यंतच ती पळवाट चालते.

विनयातील चुल्लवग्गात उदयन राजा आनंदांना विचारतो, एवढ्या चीवरांचे काय करणार? आनंद सांगतात: जीर्ण चीवरांची पांघरुणे होतील, त्यांची पुढे बिछान्याची आवरणे, मग पायपुसणी, मग फडकी, आणि शेवटी चिंध्या मातीत कालवून जमीन लिंपू. आपल्या आज्यांची जुन्या लुगड्यांची गोधडी याच कुळातली. गरिबीची खूण म्हणून ती पाहुण्यांपासून लपवण्याचे कारण नाही.

ओले-सुके वेगळे ठेवावे. काच जाड कागदात गुंडाळून वर तांबडी खूण करावी. बाजारात घरची कापडी पिशवी न्यावी. कचरा न्यायला येणाऱ्या बाईंना मुलांनी ‘ताई’ म्हणावे. ‘कचरेवाली’ हा शब्द आपल्या घरात तरी नको. आणि येत्या जयंतीच्या भोजनाला टाकाऊ ताटांऐवजी विहारातली स्टीलची ताटे काढावीत, आणि ती घासायला पुरुषांनीही बसावे.