एकाचा होकार आणि सामाईक वाट

बोळाच्या तोंडाशीच विजेचा खांब, त्यामुळे ट्रॅक्टर आत वळत नाही आणि रुग्णवाहिका बाहेर थांबते, असे गाव शोधायला महाराष्ट्रात फार हिंडावे लागत नाही. भावाभावांच्या वाटपपत्रात ‘सर्वांना जाण्यायेण्यास सामाईक’ असे लिहून वाट सोडलेली असते. खांब रोवायला माणसे येतात तेव्हा जो भाऊ घरी असतो तो जागा दाखवतो. पुष्कळदा नवे कनेक्शन त्यालाच हवे असते. मुंबई-पुण्याच्या भावांना खांब दिसतो तो गणपतीला गावी आल्यावर. तक्रार केली की कार्यालयात उत्तर तयार असते : ‘तुमच्याच भावाने जागा दाखवली.’ साऱ्या वादाचा गुंता या उत्तरात आहे, आणि माझ्या मते कायद्यापुढे ते उत्तर टिकू नये.

१८८२ च्या सुविधाधिकार कायद्यात, ज्याला कोर्टात सगळे ईझमेंट अ‍ॅक्ट म्हणतात, दोन कलमे शेजारी ठेवून वाचण्यासारखी आहेत. कलम १२ म्हणते की सामाईक मिळकतीच्या फायद्यासाठी सुविधाधिकार, म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीवरून वाटेसारखा हक्क, कोणीही एक सहमालक, इतरांची संमती असो वा नसो, मिळवू शकतो. कलम ८ च्या दृष्टान्तात मात्र उलट सांगितले आहे : सामाईक जमिनीवर अशा हक्काचा बोजा एक सहमालक दुसऱ्याच्या संमतीवाचून लादू शकत नाही. मिळवायला एक पुरे, गमवायला सगळे हवेत. विजेचा खांब हा काटेकोर अर्थाने ईझमेंट नव्हे, हे खरे. पण एकाच्या होकाराने सर्वांची वाट अरुंद करता येत नाही हे तत्त्व खांबापाशी येऊन संपायचे कारण नाही.

विद्युत अधिनियम, २००३ चे कलम ६७ परवानाधारक कंपनीला काम करताना कमीत कमी नुकसान आणि गैरसोय करायला सांगते, शिवाय भरपाईही द्यायला लावते. केंद्राच्या २००६ च्या नियमांनुसार खाजगी जागेत खांब उभारायला ‘मालक किंवा ताबेदार’ यांची आधी संमती लागते. इथला ‘किंवा’ कंपनीच्या सोयीचा आहे. घरी असलेला भाऊ ताबेदार, त्याने हो म्हटले, काम झाले! पण सामाईक वाटेचा ताबा एकट्याचा असतोच कुठे? ती सर्वांच्या वापरात असते म्हणूनच सामाईक. तेव्हा तिच्यापुरता ‘ताबेदार’ म्हणजे सगळे सहमालक, असाच अर्थ घ्यायला हवा.

त्याच नियमात उपायही आहे, आणि तो फारसा कोणी वापरत नाही. खांब उभा राहिल्यानंतरही मालकाने पुरेसे कारण दाखवले, तर जिल्हादंडाधिकारी किंवा पोलीस आयुक्त तो काढण्याचा किंवा हलवण्याचा लेखी आदेश देऊ शकतात. जिल्हादंडाधिकारी म्हणजे आपले जिल्हाधिकारीच. अर्जासोबत वाटपपत्र, मोजणीचा नकाशा, खांबाशेजारी उरलेल्या वाटेची रुंदी आणि पर्यायी जागा दाखवावी. ‘खांब काढा’ म्हणण्यापेक्षा ‘तिथे हलवा’ म्हणणे शहाणपणाचे. त्याच तारेवर शेजाऱ्यांचेही दिवे लागतात.

दिवाणी दावा मी दुसऱ्या क्रमांकावर ठेवीन. विशिष्ट साहाय्य अधिनियमाच्या कलम ३९ खाली अडथळा हटवण्याची आज्ञा मागता येते. मात्र २०१८ च्या दुरुस्तीने पायाभूत सुविधांच्या प्रकल्पांना अडवणारा मनाई हुकूम देऊ नये असे कलम ४१ मध्ये घातले, आणि त्या सुविधांच्या यादीत वीजवितरणही आहे. कंपनीचा वकील ते पहिल्याच तारखेला दाखवणार. तरी दावा करायचाच झाला तर सगळ्या भावांची एकी होईपर्यंत थांबायला नको. त्रयस्थाविरुद्ध सामाईक मिळकत राखायला एक सहमालकही उभा राहू शकतो. होकार देणाऱ्या भावाला प्रतिवादी करावे, मग घरात काय व्हायचे ते होवो.

वाट शेताची असेल तर अडथळा हटवायला १९०६ च्या मामलतदार न्यायालय कायद्याचे कलम ५ आहे. मुदत मात्र सहा महिन्यांचीच. तिथेही प्रश्न फिरून तोच येतो, की अडथळा कायदेशीर अधिकाराने उभा राहिला का?

खर्चाची गोष्ट वेगळी सांगायला हवी. खांब हलवायला अर्ज केला की बहुधा अर्जदाराच्या हाती खर्चाचे अंदाजपत्रक पडते. सर्वांनी संमती दिली होती आणि आता गैरसोय वाटते, तर खर्च अर्जदाराने सोसणे रास्त आहे. संमतीच नव्हती तर तो कंपनीचा. घाईपोटी पैसे भरावेच लागले तर ‘हक्क राखून भरत आहे’ असे लिहून भरावेत.

आणि गावाबाहेर राहणाऱ्या भावांना एक सांगणे. खड्डा खणलाय असा फोन आला की त्याच दिवशी लेखी हरकत द्या आणि पोच घ्या. खांब रोवण्याआधी हरकत आली तर जिल्हादंडाधिकाऱ्यांची परवानगी आणण्याचे काम कंपनीचे असते. रोवल्यानंतर तेच हेलपाटे तुमच्या वाट्याला येतात.