आपण बांधतों तें आपणांस घडवितें

आपल्या गांवांतील जुन्या घरांकडे एकवार लक्ष देऊन पाहा. बहुतेक घरांस पुढें ओटा अगर ओसरी असे. ऊन-पाऊस अडावा, धान्य वाळत घालतां यावें, शेतांतून आलेल्या माणसानें घटकाभर टेकावें, एवढ्याच हेतूनें ती घातलेली असे. परंतु ओसरी झाली म्हणजे तिच्यावर वाटसरू टेकूं लागे, शेजारी सुपारीपुरता थांबूं लागे, मुलें मोठ्यांच्या गोष्टी ऐकत मोठीं होत, आणि घरांत भांडण झालें तर तें चार माणसांच्या देखत लवकर मिटे. पुढें पैका आला, स्लॅबचें घर आलें, आणि दर्शनीं बाजूस लोखंडी जाळी आली. चोराची भीति कमी झाली, हें खरें. पण शेजारी आतां जाळीबाहेरूनच हांक मारून पुढें जातो. शेजारधर्म सोडावा असा ठराव गांवांत कोणींही केला नव्हता. जाळीनें तो न बोलतां करून टाकिला.

मनुष्य घर बांधतो हें सर्वांस दिसतें. घर मनुष्यास घडवितें हें सहसा कोणास दिसत नाहीं. आणि अलीकडे या दोघांमध्यें एक तिसरा येऊन बसला आहे. तो म्हणजे हातांतील मोबाइल, रेशनच्या दुकानांतील अंगठ्याचें मशीन, कचेरींतील संगणक. माणसें, इमारती आणि हीं डिजिटल यंत्रें परस्परांस कशीं घडवितात, आणि त्या घडणीची जबाबदारी कोणाच्या शिरावर आहे, याचा थोडा विचार आज आम्ही वाचकांपुढें ठेवितों.

प्रथम एक दूर देशचें उदाहरण घेऊं, कारण त्यांत ही गोष्ट फार स्पष्ट दिसते. इंग्लंडच्या पार्लमेंटांतील हाऊस ऑफ कॉमन्सचें सभागृह सन १९४१ च्या मे महिन्यांत, ता. १० च्या रात्रीं, जर्मन बाँबांनीं जळून बेचिराख झालें. तें पुन्हां कशा आकाराचें बांधावें हा प्रश्न १९४३ च्या ऑक्टोबरांत निघाला. पुष्कळ देशांतील सभागृहें अर्धवर्तुळाकार असतात व त्यांत प्रत्येक सभासदास स्वतःची जागा असते. परंतु मुख्य प्रधान विन्स्टन चर्चिल यांनीं ता. २८ रोजीं आग्रहानें प्रतिपादन केलें कीं, इमारतीला आकार देणारे आपण असलों, तरी पुढें आपणांस आकार देणारी ती असते. म्हणून नवें सभागृह जुन्याप्रमाणेंच लांबट व लहान असावें.

त्यांचीं कारणें ऐकण्याजोगीं आहेत. अर्धवर्तुळांत बसलेला मनुष्य एका पक्षाकडून दुसऱ्याकडे नकळत थोडाथोडा सरकत जाऊं शकतो. पण दोन्ही पक्षांचीं बाकें समोरासमोर असलीं, तर मधली मोकळी जागा सर्वांच्या देखत ओलांडावी लागते, आणि असें पाऊल टाकण्यापूर्वीं मनुष्य विचार करितो. तसेंच, सर्वांस पुरेल एवढें मोठें सभागृह बहुतेक दिवशीं ओसाड दिसेल. लहान असलें तर मनुष्य समोरच्याशीं संभाषण केल्यासारखें बोलेल, आणि महत्त्वाच्या दिवशीं दाटी झाली म्हणजे कामाचें गांभीर्य सर्वांस कळेल. सर जाइल्स गिल्बर्ट स्कॉट या शिल्पज्ञानें तें त्याप्रमाणें उभारलें व १९५० च्या ऑक्टोबरांत तें उघडलें. आज सभासद ६५० आहेत आणि बसावयास जागा सुमारें ४२७ आहेत. हें चुकून झालेलें नाहीं, जाणून केलेलें आहे.

तेथील मत देण्याची रीतही इमारतीशीं जडलेली आहे. सभासद उठून दोन दालनांपैकीं एकांतून चालत जातात. एक होकाराचें, दुसरें नकाराचें. त्या चालण्यांत साधा सभासद मंत्र्याच्या खांद्याला खांदा लावून जातो, व आपल्या लोकांचें एखादें गाऱ्हाणें दोन शब्दांत त्याच्या कानीं घालतो. ही सोय कायद्यानें दिलेली नसून दालनाच्या अरुंदपणानें दिलेली आहे.

पुढें सन २०२० सालीं कोविडची साथ आली, आणि या इमारतींत यंत्राचा प्रवेश झाला. ता. २२ एप्रिलपासून सुमारें ५० सभासदांनीं सभागृहांत बसावें व १२० पर्यंत सभासदांनीं आपापल्या घरून पडद्यावर यावें अशी व्यवस्था झाली. मे महिन्यांत घरीं बसून मत देण्याचीही सोय झाली. यांत मोठा लाभ होता. आजारी, वृद्ध, दूर राहणारा, सर्वांस बोलतां आलें. परंतु हानिही झाली. बोलणाऱ्यास मध्येंच थांबवून प्रश्न विचारण्याची तेथील जुनी रीत पडद्यावरील सभासदास साधेना. ज्याचें नांव यादींत, तो आपल्या पाळीला बोलून मोकळा होई. आणि मंत्र्याच्या कानाशीं लागण्यास आतां दालनच उरलें नाहीं. जूनच्या आरंभीं ही सोय बंद करितांच उलट अडचण उभी राहिली. ता. २ जून रोजीं सभासदांस एकमेकांपासून अंतर राखून लांबच लांब रांगेंत उभें राहून मत द्यावें लागलें, आणि ज्यांस आजारामुळें घर सोडणें धोक्याचें होतें, ते अजिबात बाहेर पडले. त्यांची तक्रार रास्त होती. म्हणून त्यांस पडद्यावरून बोलण्याची व दुसऱ्याकरवीं मत देण्याची सवलत थोड्याच दिवसांत द्यावी लागली.

यावरून आम्हांस असें दिसतें कीं, जशी इमारत तसेंच यंत्र. यंत्रासही दार असतें, भिंती असतात, उंबरठा असतो. फरक इतकाच कीं दगडाची भिंत डोळ्यांस दिसते, यंत्राची दिसत नाहीं. जो आंत आहे त्यास ती कधींच दिसत नाहीं. बाहेर राहिलेल्याचें डोकें मात्र तिच्यावर आपटतें.

आपल्या खेड्यांत हें रोज घडत आहे. त्याच २०२० सालीं शाळा-कॉलेजें बंद होऊन शिकवणें मोबाइलवर आलें, तेव्हां कोंकणांतील एका विद्यार्थिनीच्या घरच्यांनीं, गांवांत रेंज येत नाहीं म्हणून, डोंगरावर तिच्यासाठीं झोपडें उभारून दिलें, आणि ती तेथें बसून शिकली. यंत्रानें माणसास नवें घर बांधावयास लाविलें, याहून उघड दाखला कोणता? त्या कुटुंबाचें आम्हांस कौतुक वाटतें. परंतु ज्यांच्या घरीं मोबाइलच नव्हता, त्यांस डोंगर चढूनही कांहीं हातीं लागलें नसतें.

रेशनच्या दुकानांतील एक प्रसंग आम्हीं स्वतः पाहिला. एक वृद्ध बाई, जन्मभर खुरपें व विळा धरून जिच्या बोटांवरील रेषा झिजून गेल्या, ती मशीनवर अंगठा ठेवीत होती. एकदां, दोनदां, पांचदां ठेविला, ठसा उठेना. दुकानदारानें मान हालविली व म्हटलें, “आजी, मशीन घेत नाहीं, मी काय करूं?” ती पिशवी घडी करून निघून गेली. अशा वेळीं दुसऱ्या मार्गानें धान्य देण्याची तरतूद असते. पण ती त्या बाईस कोणीं सांगितली नाहीं. ज्या कष्टांमुळें तिला त्या धान्याचा हक्क पोहोंचतो, त्याच कष्टांनीं तिचें दार बंद केलें. दुकानदार दुष्ट नव्हता. पण ‘मशीन घेत नाहीं’ हे शब्द तोंडांत येतांच त्यास आपली कांहीं जबाबदारी आहे असें वाटेनासें झालें. आम्हीं मनांत त्यास दोष दिला.

तो दोष आम्हांकडेच परत यावयाचा होता. आमच्या वस्तींत पूर्वीं सर्वांस बोलावणें करावयाचें झालें कीं प्रार्थनामंदिराची घंटा वाजवीत. पुढें आम्हीं मंडळीचा व्हॉट्सअॅप ग्रूप केला. सोय इतकी झाली कीं, घंटेचा दोर तुटला तो कोणीं नवा बांधला नाहीं, आम्हींही नाहीं. एके दुपारीं वस्तींतील एक म्हातारी वारली. मातीची वेळ आम्हीं ग्रूपवर कळविली. तिचा मुलगा पुण्यास कारखान्यांत कामाला होता. त्यास निरोप त्याच क्षणीं मिळाला, आणि तो एस.टी. धरून वेळेवर येऊन पोहोंचला. परंतु तिची चाळीस वर्षांची सोबतीण, जिनें तिच्याबरोबर खुरपणीला व काढणीला हजार वेळां वाट तुडविली, ती लांबच्या शेतांत होती, आणि तिच्याजवळ मोबाइल नव्हता. तिला दुसऱ्या दिवशीं सकाळीं कळलें. ती आमच्या दारीं आली व एवढेंच म्हणाली, “पाळकसाहेब, घंटा कां वाजली नाहीं?” आमच्या तोंडून उत्तर निघालें, “बाई, ग्रूपवर टाकलें होतें.” तें बोलतांच आम्हांस रेशनचा दुकानदार आठवला.

घंटा चांगली व मोबाइल वाईट, असें आमचें म्हणणें नाहीं. घंटा बहिऱ्यास ऐकूं येत नाहीं, आणि पुण्यास तर ती कधींच पोहोंचली नसती. तिच्यावरच विसंबलों असतों तर मुलास आईचें तोंड पाहतां आलें नसतें. प्रत्येक साधनाचा आपला एक उंबरठा असतो. आमची चूक नवें साधन घेण्यांत नव्हती. त्याच्या उंबरठ्याबाहेर कोण राहिलें हें न पाहतां आम्हीं जुना दोर तुटूं दिला, ही ती चूक होती.

येथें कोणी म्हणेल, “साधन निर्दोष असतें, सुरीनें भाकरीवरचा कांदाही चिरतां येतो व गळाही कापतां येतो, दोष हाताचा.” हें म्हणणें अर्धेंच खरें आहे. सुरी वापरून झाली कीं मनुष्य ती फळीवर ठेवितो. घर तसें ठेवितां येत नाहीं. त्यांत आपण निजतों, उठतों, आणि त्याच्या वाटेनें आपलीं पाउलें रोज पडतात. आजचीं यंत्रें सुरीसारखीं कमी व घरासारखीं अधिक आहेत. म्हणून त्यांचा दोष केवळ वापरणाऱ्याच्या हाताचा नव्हे. ज्यानें तीं आंखलीं, ज्यानें मागविलीं व ज्यानें मुकाट्यानें चालूं दिलीं, त्या सर्वांचा त्यांत वांटा आहे.

दुसरा कोणी उलट म्हणेल, “घर व यंत्रच आम्हांस घडवीत असतील, तर आमचा काय अपराध? आम्ही कळसूत्री बाहुलीं.” हेंही खरें नाहीं. लंडनच्या लोकांनीं जळालेलें सभागृह विचार करून बांधिलें. आणि इतकें दूर जावयास नको. सांगली जिल्ह्यांतील मोहित्यांचें वडगांव पाहा. मोबाइलवरील शाळेनंतर मुलें मोबाइल सोडीनात, हें पाहून त्या गांवानें सन २०२२ च्या ऑगस्टांत ठराव केला कीं, सायंकाळीं ७ वाजतां देवळावरील भोंगा वाजतांच घरोघरीं टी.व्ही. व मोबाइल दीड तास बंद ठेवावे; मुलांनीं अभ्यास करावा, मोठ्यांनीं वाचावें, एकमेकांशीं बोलावें. आरंभीं कित्येकांस याचें हंसूं आलें. तरी लोकांनीं दारोदार जाऊन समजूत घातली. येथें गांवकऱ्यांनीं मोबाइल फोडले नाहींत. त्यांनीं एका जुन्या इमारतीकडून एका नव्या यंत्रास कुंपण घातलें. एकट्या बापानें घरांत हें करूं म्हटलें असतें तर मुलानें शेजारच्या घराकडे बोट दाखविलें असतें; सर्व गांवानें मिळून केलें म्हणून तें साधलें.

यांत आमच्या प्रश्नाचें उत्तर आहे असें आम्हांस वाटतें. मनुष्य स्वतंत्र आहे, पण त्याचें स्वातंत्र्य सदासर्वकाळ सारखें मोकळें नसतें. भिंत ओली असते तोंवर तिला हातानें वळण देतां येतें. वाळल्यावर कुदळ लागते. नवीन घर, नवीन शाळा, नवीन मशीन गांवांत येतें, तो काळ ओल्या भिंतीचा असतो, आणि नेमका तेव्हांच आपण कौतुकांत किंवा घाईंत असतों. ज्यानें त्या वेळीं विचारलें नाहीं, त्यास मागाहून ‘माझा इलाज नव्हता’ म्हणण्याचा पुरा अधिकार नाहीं.

म्हणून, वाचकहो, अशा वेळीं चावडींत, पंचायतींत किंवा आपल्या मंडळींत तीन गोष्टी विचारण्याची संवय लावून घ्या. हें आल्यानें आपणांपैकीं कोण बाहेर राहील? तें चुकलें तर दाद मागण्यास समोर माणूस कोण असेल? आणि जुनें जें आपण टाकीत आहों, त्यानें न बोलतां आपलें कोणतें काम केलें होतें? विचारण्यास विद्वत्ता लागत नाहीं. ज्या बाईनें आम्हांस विचारलें, तिला अक्षरओळखही नव्हती.

आम्हीं त्याच आठवड्यांत घंटेस नवा दोर बांधिला. ग्रूपही चालू आहे. आणि ज्या सात घरीं मोबाइल नाहीं, तेथें निरोप घेऊन कोणीं जावयाचें, याची पाळी तरुणांनीं लावून घेतली आहे. त्या बाईचें दुःख यानें भरून निघालें असें आम्ही म्हणत नाहीं. तिच्या सोबतिणीची माती एकदांच व्हावयाची होती, आणि ती तिच्यावांचून झाली.