कबुली आणि कमाई

गुन्हेगाराने आपल्या गुन्ह्यांची हकीकत सांगावी, ती खपावी आणि त्यावर त्याने जगावे, यात गैर काय, हा प्रश्न हेन्री हिलमुळे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात गेला. न्यूयॉर्कच्या माफिया टोळीत वावरलेला हिल 1980 साली अमली पदार्थांच्या धंद्यात पकडला गेला आणि सरकारचा साक्षीदार झाला. त्याच्या तोंडून ऐकून निकोलस पिलेगी यांनी ‘वाइजगाय’ लिहिले. पुढे हिल स्वतःच्या नावानेही पुस्तके काढू लागला. गुन्ह्याच्या कथनाचा पैसा पाच वर्षे बळींसाठी राखून ठेवावा, असा न्यूयॉर्कचा 1977 पासूनचा कायदा होता. ‘वाइजगाय’च्या प्रकाशकाने तोवर हिलपोटी 96,250 डॉलर चुकते केले होते. ते जमा करण्याचा हुकूम निघाला आणि प्रकाशक कोर्टात गेला.

1991 साली न्यायालयाने तो कायदा घटनाबाह्य ठरवला. असा कायदा संत ऑगस्टीनच्या ‘कन्फेशन्स’लाही लागू झाला असता, कारण त्यातही चोरीची कबुली आहे, असे निकालात म्हटले आहे. कायद्याच्या अंगाने दाखला चपखल आहे. नीतीच्या अंगाने लंगडा. सोळा वर्षांचा ऑगस्टीन मित्रांबरोबर शेजारच्या झाडावरची नासपती चोरतो. भूक नसते, घरी याहून चांगली फळे असतात, चोरलेली बहुतेक डुकरांपुढे जातात. झाड कसे झोडपले हे तो चार शब्दांत उरकतो. त्यात आनंद कसला वाटला, या प्रश्नाचा मात्र पिच्छा सोडत नाही.

हॉवर्ड मार्क्स (1945–2016) दुसऱ्या टोकाचा. ऑक्सफर्डमध्ये पदार्थविज्ञान शिकलेला हा वेल्श माणूस रॉक बँडच्या पोकळ केलेल्या स्पीकरांतून अमेरिकेत चरस पाठवत असे. 1988 मध्ये अटक, 25 वर्षांची सजा, 1995 मध्ये पॅरोल आणि 1996 मध्ये आत्मचरित्र: ‘मिस्टर नाइस’. ‘नाइस’ हे आडनाव त्याच्या एका खोट्या पासपोर्टवरचे. पश्चात्तापाचा आव त्याने आणला नाही. चरसबंदीचा कायदाच चुकीचा आहे असे म्हणत तो 1997 ची ब्रिटिश संसदेची निवडणूकही लढला. प्रस्तावनेत पानभर हळहळून पुढे तीनशे पाने शौर्य सांगणाऱ्यांपेक्षा हे प्रामाणिक खरे, पण ही कबुली नव्हे, कैफियत आहे.

वाल्याचा वाल्मीकी झाला या कथेशी अशा लेखकांची तुलना आपल्याकडे सहज होते. वाल्मीकीने काव्य रचले ते रामाचे, वाटमारीचे नाही, हे तेव्हा विसरले जाते. मनुस्मृतीचे दंडविधान वर्णानुसार विषम आहे आणि त्यावरची टीका रास्तच. तरी प्रायश्चित्ताच्या अकराव्या अध्यायात एक गोष्ट नेमकी सांगितली आहे. पाप उघड सांगणे हा शुद्धीचा एक मार्ग आहे, पण त्याच्या जोडीला अनुताप आणि तप हवे. शिवाय चोराने चोरलेला माल आधी परत करायचा. सांगून मोकळे होता येते, ऋणातून सुटता येत नाही.

तस्कराच्या बाबतीत परत करायचे कोणाला, हा खरा पेच आहे. गिऱ्हाईक राजीखुशीने आलेले असते. व्यसनाने मोडलेल्या घराचे नाव मालाच्या हिशेबात नसते. हिलची मारहाण आणि चोऱ्या भोगलेली माणसे मात्र दाखवता येत होती. पुस्तक रोखणे आणि देणे वसूल करणे या दोन गोष्टी जुन्या कायद्याने एकत्र बांधल्या, तिथेच तो फसला. 2001 साली न्यूयॉर्कने त्या वेगळ्या केल्या: दोषी ठरलेल्याला 10,000 डॉलर किंवा अधिक रक्कम मिळणार असेल, मग ती पुस्तकाची असो वा अन्य कशाची, तर बळींना तसे कळवले जाते आणि त्यांना दावा लावता येतो.