पडद्यावरचा सालदार

नायक मरणार नाही, हे तिकीट काढतानाच ठाऊक असतं. धास्ती वाटते ती त्याच्या बाजूला उभ्या असलेल्या माणसाची. बी. आर. चोप्रांच्या ‘कानून’मध्ये (1960) खुनाच्या आरोपात अडकलेला भुरटा चोर कालिया कोर्टात उभा राहतो, तेव्हा हा आता फासावर जातो की काय, असं खरोखर वाटतं. कारण तिथे नाना पळशीकर आहेत. राजेंद्रकुमार आरोपी असता तर आपण निवांत शेंगा फोडत बसलो असतो.

दुय्यम नटाची सगळी ताकद या बेभरवशात आहे, असं माझं मत. कथेने त्याला कसलाच शब्द दिलेला नसतो. आमच्या भडगावकडे सालाच्या बोलीवर राबणाऱ्या गड्याला सालदार म्हणतात. पेरणीपासून वेचणीपर्यंत शेत त्याच्या हातचं, सातबाऱ्यावर नाव मालकाचं. पळशीकर हिंदी पडद्याचे सालदार होते. ‘दो बीघा ज़मीन’मध्ये (1953) ते शंभूचा बाप झाले. शंभू झालेले बलराज साहनी 1913 चे, पळशीकर 1907 चे. बाप लेकापेक्षा अवघा सहा वर्षांनी थोरला! तरी कुठे खोटं वाटत नाही. कर्ज फेडायला लेक कलकत्त्यात रिक्षा ओढतो, आणि आपला जीव गावी राहिलेल्या त्या डोकऱ्यात अडकून पडतो.

‘कानून’ आणि ‘शहर और सपना’साठी त्यांना फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला. अशा नटांना नायक करायला हवं होतं, ही हळहळ मला पटत नाही. इजिप्तचे महमूद अल-मिलिगी पाहा. तीन दशकांहून अधिक काळ कैरोच्या चित्रपटांत बहुतेक खलनायकीच केली. मग युसुफ शाहीन यांनी ‘अल-अर्द’मध्ये (1970) त्यांना शेतकरी केलं. सरकार पाण्याच्या पाळ्या कमी करतं, जमीनदाराचा रस्ता शेतातून जाणार असतो. शेवटी मिलिगींचा अबू सुवैलम दोरीने फरफटत नेला जातो, आणि हाताला येईल ते कापसाचं झाड धरू पाहतो. गिरणेच्या पाटाच्या आवर्तनावरून भांडलेल्या आमच्या माणसाला यातलं काही समजावून सांगावं लागणार नाही. खलनायक शेवटी हरतोच. इतकी वर्षं हरत आलेला तो चेहरा होता, म्हणून ही हार खरी वाटते. तिथे एखादा देखणा नायक असता तर प्रेक्षक सुटकेची वाट बघत बसला असता.

पळशीकरांच्या वाट्याला असा ‘अल-अर्द’ आला नाही. ॲटनबरोंच्या ‘गांधी’त (1982) सत्तरी ओलांडलेले पळशीकर आहेत, पण भूमिकेला नाव नाही, नुसता ‘गावकरी’. यात मला त्यांचा अपमान दिसत नाही. त्यांना नायक करू नका, पण एक अख्खा चित्रपट त्या डोकऱ्याच्या ओट्यावरून बघावा, हे आपल्याकडच्या एखाद्या दिग्दर्शकाला तरी सुचायला हवं होतं.